ठोसरबाई आणि त्यांचे फुगे

पहिल्या दिवशी ठोसरबाईंनी मला कामाचं काही सांगितलं नाही. एक गंजलेला, थाळीएवढा पत्र्याचा डबा उघडून माझ्या नाकाखाली धरला आणि म्हणाल्या, "हुंग."

मी हुंगलं. "कापूर?"

"शाब्बास. इथे येणाऱ्या प्रत्येकाला हा वास व्हिक्सचा वाटतो. तू पहिली." डब्याचं झाकण त्यांनी अलगद लावलं. "जुन्या फिल्ममध्ये कापूर घालायचे. ती जळतेसुद्धा कापरासारखीच, भसकन. म्हणून इथे उदबत्ती नाही, मेणबत्ती नाही आणि घाई नाही. बाकीचं हळूहळू कळेल."

अमेरिकेत ॲन आर्बरमधल्या एका छोट्या चित्रपट-संग्रहात मी तेव्हा नुकतीच लागले होते. नवऱ्याच्या नोकरीमागे पुण्याहून इकडे आले, वर्क परमिट हातात पडेपर्यंत चाळिशी उलटली, आणि पुण्यात डेटाबेस सांभाळणारी मी इथे जुन्या फिल्मा स्कॅन करायला बसले. दोन खोल्या, मागे जाड भिंतींची एक थंडगार कोठी, आणि त्या सगळ्यावर राज्य ठोसरबाईंचं. त्यांचं नाव शकुंतला. ऑफिसमधले अमेरिकन त्यांना 'शॅकू' म्हणत. मी मराठी रिवाजाप्रमाणे 'मावशी' म्हणायला गेले, तर चष्म्यावरून बघत म्हणाल्या, "मावशी गणपतीला. इथे बाई."

त्या तेव्हा बहात्तर वर्षांच्या होत्या. उंची पाच फुटाला थोडी कमी. कॉर्डरॉयची पँट, दिवंगत नवऱ्याचे स्वेटर बाह्या दोनदा दुमडून, हातात पांढरे सुती मोजे, आणि गळ्यात काळ्या दोऱ्यात अडकवलेलं भिंग. ते भिंग त्यांच्या अंगाचाच भाग झालं होतं. एकदा मंडळाच्या हळदीकुंकवाला त्या काठपदराची साडी नेसून आल्या, आणि भिंग गळ्यात तसंच. नुकतीच आलेली एक मुलगी कौतुकाने म्हणाली, "काकू, मंगळसूत्राचं डिझाइन एकदम युनिक आहे हां!" बाईंनी भिंग डोळ्याला लावून तिच्याच मंगळसूत्राचे मणी तपासले आणि "तुझंही बरं आहे" म्हणून तिळगूळ घेऊन पुढे गेल्या.

माहेर नागपूरचं. रसायनशास्त्रात बीएस्सी. नवरा इथे संशोधन करायला आला, त्याच्याबरोबर आल्या, आणि पहिले दोन हिवाळे खिडकीतून बर्फ बघत काढले. तिसऱ्या हिवाळ्यात बर्फ बघायचा इतका कंटाळा आला, की या संग्रहात अर्धवेळ कामाला लागल्या. तिथल्या एका पोलिश वंशाच्या म्हाताऱ्या कारागिराने त्यांना फिल्म दुरुस्त करायला शिकवलं. म्हातारा गेला, नवरा गेला, मुलगी शिकून रेडमंडला सॉफ्टवेअरमध्ये गेली. बाई त्याच टेबलाशी राहिल्या. हे सगळं मला त्यांनी कधी सलग सांगितलं नाही. साडेबाराला थालीपीठ खाताखाता एक तुकडा आज, एक तुकडा पुढच्या महिन्यात, असं गोळा झालं.

त्यांच्या कामाची शिस्त दोनच वाक्यांत होती. पहिलं: "दिसलं तेवढं लिही. वाटलं ते घरी जाऊन नवऱ्याला सांग." सूचीत फिल्मची नोंद करताना मी एकदा 'दुःखी स्त्री खिडकीत उभी' असं लिहिलं होतं. बाईंनी 'दुःखी' खोडलं. "तुला काय माहीत? कदाचित तिचे बूट चावत असतील."

दुसरं वाक्य: "माणसं धावत नव्हती, आपण धावायला लावतो." मूकपट कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवून घेतलेले असत, त्यामुळे सेकंदाला फ्रेम, म्हणजे चित्रं, आजच्यापेक्षा कमी. आजच्या वेगाने दाखवले की सगळे लोक कोंबड्यांसारखे तुरुतुरु पळतात, आणि प्रेक्षक हसतात. त्या हसण्याचा बाईंना खरोखर राग यायचा. एकदा कुणाच्या तरी वाढदिवसाला ऑफिसमध्ये टीव्हीवर असाच एक तुकडा लावला होता. बाईंनी हातातली केकची बशी खाली ठेवली, रिमोट घेतला आणि टीव्ही बंद केला. "तुमच्या आजोबांची मिरवणूक कुणी अशी दाखवली तर?" एवढं विचारून पुन्हा केक खायला लागल्या.

आणि त्यांचं प्रेम होतं फुग्यांवर.

फुगे म्हणजे एअरशिप. विमानं नीट उडायला लागली त्या काळात लष्कराकडे असायची ती वायूने भरलेली, सिगारच्या आकाराची अवाढव्य उडती जहाजं. त्यांच्यावर काढलेले मूकपट बाई चाळीस वर्षं जमवत, जोडत, धूत होत्या. कोठीतल्या एका अख्ख्या फळीवर त्यांनी मराठीत 'फुगे' अशी चिठ्ठी लावली होती. ऑफिसमधल्या सगळ्यांना ती दोन अक्षरं चित्रासारखी ओळखता यायची. आमचा मॅनेजर ग्रेग तर मीटिंगमध्ये सरळ 'द फुगे शेल्फ' म्हणायचा.

फळीवर दोन तऱ्हेचे मूकपट होते. आधीचे, खरी युद्धं आकाशात पोचण्यापूर्वीचे: त्यांत पुठ्ठ्याची एअरशिप तारेला टांगलेली, खाली पुठ्ठ्याचं शहर, आणि वरून फटाक्यांएवढे बाँब. नंतरचे, खरी एअरशिप आणि खरे सैनिक घेऊन काढलेले. बाईंना दोन्ही प्रिय. पुठ्ठ्याच्या फुग्याची तार दिसली की त्या भिंग सरकवून म्हणायच्या, "हे बघ, तार. म्हणजे वर कुणीतरी हात उंच धरून उभा होता. दुखला असेल हात."

"पण हीच यंत्रं पुढे खरे बाँब टाकायला लागली ना, बाई?" मी एकदा विचारलं.

"लागली ना. विसरायचं नाही ते." त्यांनी चित्रपट्टी दिव्यावर धरली. एक रस्ता, त्यावर पन्नासेक माणसं, सगळ्यांच्या माना वर. "पण ही माणसं बघ. टोपी पडली तरी कुणी उचलत नाहीये. इतक्या जणांना एकाच वेळी खूश झालेलं तू शेवटचं कधी बघितलंस?"

पडद्यावरच्या माणसांशी त्या बोलायच्यासुद्धा. नायक दोरावर लोंबकळत असला की हलक्या आवाजात, "अरे, पाय अडकव आधी." हेर एअरशिपच्या पोटात दडला की, "अहो कॅप्टन, मागे बघा." शंभरदा बघितलेल्या फिल्ममध्येही कॅप्टन मागे बघेल अशी त्यांना आशा वाटायची.

मी लागले त्याच्या दुसऱ्या वर्षी, ऑक्टोबरमध्ये, एक सत्तरीचा माणूस पिकअप ट्रक घेऊन दारात आला. त्याचं नाव टॉम. गावापासून तासाभरावर त्यांचं शेत होतं, ते विकायला काढलं होतं, आणि कोठाराखालच्या जुन्या बर्फघरात फिल्मचे पाच डबे सापडले होते. त्याने ते बिअरच्या कूलरमध्ये, भोवती बर्फाच्या पिशव्या लावून आणले होते.

"हे कुणी सुचवलं?" बाईंनी विचारलं.

"कुणी नाही. आतापर्यंत थंडीत होते, म्हटलं थंडीतच न्यावेत."

बाई माझ्याकडे वळून मराठीत म्हणाल्या, "चाळीस वर्षांत पहिला माणूस अक्कल घेऊन आला." आणि त्याला म्हणाल्या, "कॉफी घेणार?"

कॉफी पिताना टॉमने सगळी हकिकत सांगितली. डबे त्याच्या आईच्या मामाचे. मामाचं लहानशा गावात थिएटर होतं. ही शेवटची प्रत त्याने सिनेमा कंपनीला परत पाठवलीच नाही, कारण त्या फिल्ममध्ये घरचा माणूस होता. टॉमच्या आईचे, म्हणजे रूथचे वडील सैन्यात एअरशिपच्या तळावर कामाला होते. उडणारे ते नव्हेत. एअरशिप खाली उतरताना पन्नास-साठ माणसं तिचे दोर धरून तिला जमिनीवर ओढून आणायची, त्यांतले एक. सिनेमावाले तळावर तीन दिवस शूटिंगला आले होते. खांद्यावर दोराचं वेटोळं घेऊन मैदान ओलांडायचं, एवढं काम रूथच्या वडिलांना मिळालं. रूथच्या आईने ते थिएटरमध्ये दोनदा पाहिलं होतं. रूथ दहा महिन्यांची असताना वडील न्यूमोनियाने गेले. घरात त्यांचा एकच फोटो होता, त्यातही टोपीची सावली अर्ध्या तोंडावर.

"आई चौऱ्याण्णवची आहे," टॉम म्हणाला. "तिला वडील फक्त एकदा चालताना बघायचेत."

बाईंनी कप खाली ठेवला. "बघू," म्हणाल्या. त्यांचं 'बघू' हे कुणाला दिलेलं वचन नसायचं, पण त्या दिवसापासून थालीपीठाची सुट्टी अर्ध्या तासावरून दहा मिनिटांवर आली.

चार डबे चांगले निघाले. कॅप्टनची मुलगी, तिच्यावर प्रेम करणारा लेफ्टनंट, मिशीवाला हेर, सगळे होते. मैदान मात्र कुठेच नव्हतं. पाचवा डबा उघडला तेव्हा कापराचा वास आलाच नाही. आला तो ओल्या, कुबट मोज्यांसारखा. आतली फिल्म वितळून थरावर थर चिकटले होते आणि कडेने तपकिरी भुकटी सांडत होती. अशी फिल्म धोक्याची. ती आठवड्याच्या आत अग्निशमन खात्याच्या हवाली करायची, असा नियम होता.

ग्रेग सज्जन माणूस, पण नियमाचा पक्का. "शॅकू, आय ॲम सॉरी," म्हणाला.

"सॉरी नंतर. मला मार्चअखेरपर्यंत वेळ दे. डबा मुख्य इमारतीत राहणार नाही. बाहेरच्या काँक्रीटच्या खोलीत राहील, आणि मीही तिथेच बसेन."

"तिथे हीटिंग नाही."

"म्हणून तर."

ग्रेगने त्या दिवशी तीन फोन केले, अग्निशमन खात्याचा माणूस येऊन खोली पाहून गेला, आणि शेवटी परवानगी मिळाली. नोव्हेंबर ते मार्च बाई त्या खोलीत बसल्या. अंगात दोन स्वेटर, त्यावर कोट, डोक्याला मफलर. हाडाची बोथट पट्टी घेऊन एकेक थर सोडवायचा, निघेनासा झाला की बंद डब्यात दोन दिवस विसावू द्यायचा, पुन्हा सोडवायचा. चांगल्या दिवशी हातभर फिल्म सुटायची. सुटली की मी ती लगेच स्कॅन करायची, कारण ती पुन्हा उलगडेल याची खात्री नव्हती. फ्रेम मोजताना त्या मराठीत पुटपुटायच्या, आणि आकडा चुकला की नागपुरी ठसक्यात स्वतःलाच "काय करून राहिली तू?" म्हणायच्या.

बाईंनी आयुष्यात कधी गाडी चालवली नाही. बसने येत. जानेवारीत एका सकाळी इतका बर्फ पडला की बस कॅन्सल झाल्या. मी घरून फोन केला, "बाई, आज येऊ नका हं." पलीकडून धापा टाकल्याचा आवाज. "पोचलेच आहे. चाळीस मिनिटं चालले. रस्त्यात एक कुत्रं भेटलं, फार छान होतं."

त्याच आठवड्यात टॉमचा फोन आला. रूथला न्यूमोनिया होऊन हॉस्पिटलमध्ये ठेवलं होतं. "आई विचारतेय, किती झालं?" वडील ज्याने गेले तोच आजार, हे आम्हा सगळ्यांच्याच मनात आलं असणार.

बाईंनी फोन माझ्या हातून घेतला. "तिला सांग, अजून बारा हात फिल्म राहिलीय. तोवर कुठे जायचं नाही म्हणावं. माझी मेहनत आहे."

टॉमने निरोप दिला. रूथ म्हणे ऑक्सिजनच्या नळीतून हसली, आणि नर्सला म्हणाली, "कोण आहे ही बॉसी बाई? मला भेटायचंय तिला." फेब्रुवारीत ती घरी, म्हणजे वृद्धाश्रमातल्या आपल्या खोलीत, परत आली.

मार्चमध्ये जे हाती लागलं ते दोन मिनिटांचं होतं. कडा डागांनी खाल्लेल्या, मधेच पांढरे फोड. पण मैदान होतं! वर तरंगणारी प्रचंड एअरशिप, तिच्यापासून लोंबणारे दोर, दोरांना झोंबणारी माणसं, आणि पुढच्या बाजूने खांद्यावर वेटोळं घेऊन मैदान ओलांडणारा माणूस. एक नाही, तीन. एकामागोमाग तीन जण डावीकडून उजवीकडे गेले. पहिल्याचा चेहरा टोपीखाली, दुसऱ्याच्या चेहऱ्यावर नेमका डाग, तिसऱ्याने मान वळवलेली.

मी स्कॅन लावून बघितलं. तिघंही कोंबड्यांसारखे तुरुतुरु पळाले.

"थांबव," बाई म्हणाल्या. "वेग चुकलाय."

"बाई, अंदाजाने कमी करते ना."

"अंदाजाने? ती चौऱ्याण्णव वर्षं थांबली, आणि आपण अंदाजाने?"

मग त्यांनी शोधून काढलं, की एका जागी एअरशिपवरून वाळूचं पोतं खाली टाकलं जातं. ते पडायला किती फ्रेम लागल्या ते मोजलं: चौदा. शेजारी उभ्या माणसावरून उंची काढली: साधारण दोन माणसं. वस्तू किती वेळात पडते याचं गणित त्यांनी कागदावर चुटकीसरशी केलं. सेकंदाला सोळा फ्रेम. मला वाटलं, संपलं.

"गणित बरोबर आहे," बाई म्हणाल्या, "पण सिनेमावाल्यांवर माझा विश्वास नाही. पोत्यात वाळूऐवजी पेंढा भरला असला तर?"

दुसऱ्या दिवशी त्या इंडियन स्टोअरमधून बासमतीची पिशवी आणि कुरमुऱ्यांचं मोठं पाकीट घेऊन आल्या. इमारतीच्या मागच्या लोखंडी जिन्यावर बाई चढल्या, खाली मी फोनवर व्हिडिओ घेत उभी. आधी तांदूळ. मग कुरमुरे. मग पुन्हा तांदूळ. तिसऱ्या वेळी पिशवी फुटली आणि पार्किंगमधल्या बर्फावर बासमती पसरली. ग्रेग खिडकीत येऊन उभा राहिला, त्याने एकदा माझ्याकडे, एकदा वर बाईंकडे पाहिलं आणि काही न विचारता पडदा ओढून घेतला. कुरमुऱ्यांचं पाकीट वाऱ्याने गिरक्या घेत रेंगाळत पडलं होतं. फिल्ममधलं पोतं सरळ आलं होतं. "वाळूच होती," बाई वरून ओरडल्या. "प्रामाणिक लोक होते हे!"

सोळाच्या वेगाने लावलं, आणि तिघं चालायला लागले. सकाळच्या कामावर निघालेली माणसं चालतात तसे. ओझं जड असल्याचं दिसायला लागलं. मैदानावर वारा आहे हेसुद्धा कळलं.

पण तिघांतला कोण, हा प्रश्न राहिलाच. मी त्या घटकेला बाईंवर चिडले, ते मला लपवायचं नाही. मी म्हटलं, "दुसरा आहे असं सांगून टाकू या. मधला. त्यांना कळणार आहे थोडंच? चौऱ्याण्णव वर्षांच्या आहेत त्या. एक 'हो' म्हटलं तर काय बिघडतं?"

बाईंनी मोजे काढले, घडी करून ठेवले. "काही बिघडत नाही. पण मग तिला बाप मी दिलेला असेल. माझ्या पसंतीचा. ती काय ते घ्यायला थांबलीय का गं?"

"आणि त्यांना ओळखता नाही आले तर?"

"तर तीन बाप बघेल. एकही नव्हता, त्यापेक्षा बरं." मी घरी जाऊन नवऱ्याला सांगितलं, की या बाईला काळीज नाही.

एप्रिलच्या एका सकाळी अकरा वाजता वृद्धाश्रमाच्या जेवणाच्या हॉलमध्ये आम्ही पडदा लावला. रूथ पुढच्या टेबलाशी, निळ्या कार्डिगनमध्ये, लिपस्टिक लावून बसली होती. मागे वॉकर आणि व्हीलचेअर घेऊन वीस-पंचवीस जण. कॉफी, चेरी पाय, आणि बाईंनी आणलेला चिवडा. बाईंनी रूथचा हात हातात घेतला. "मी शकू. बॉसी बाई."

"उशीर केलास," रूथ म्हणाली.

बाईंनी तिला सरळ सांगितलं: तीन जण आहेत, चेहरे नीट दिसत नाहीत, कोण ते मला ठाऊक नाही. रूथने मान हलवली. मी फिल्म लावली.

पहिला गेला, दुसरा गेला, तिसरा गेला. रूथचा चेहरा तसाच. "पुन्हा," ती म्हणाली. मी पुन्हा लावली. "पुन्हा."

तिसऱ्या वेळी, दुसरा माणूस मैदानाच्या मध्यावर आला आणि रूथ मोठ्याने हसली. एखाद्या शाळकरी मुलीसारखी.

"अरे, हा तर टॉम!" ती म्हणाली. "टॉम पेपर आणायला बाहेर जातो तो हा! उजवा खांदा खाली, आणि पाऊल टाकण्याआधी विसरल्यासारखं किंचित थांबायचं."

"मी असा चालतो?" टॉम म्हणाला.

"हो!" मागून तीन-चार आवाज एकदम आले. दर रविवारी त्याला त्या कॉरिडॉरमधून येताना बघणारी ती माणसं.

बाई उठून उभ्या राहिल्या. "टॉम, जरा चाल."

"आत्ता?"

"त्या दारापासून या दारापर्यंत. खांद्यावर काहीतरी घे."

सत्तरीच्या टॉमने कोट गुंडाळून खांद्यावर टाकला आणि लाजत लाजत हॉल ओलांडला. "पुन्हा," बाई म्हणाल्या. "माझ्याकडे बघू नकोस, दाराकडे बघ." तो पुन्हा चालला. या वेळी लाजणं विसरून, आपल्या चालीने चालला. बाईंनी पडद्याकडे पाहिलं, त्याच्याकडे पाहिलं, पुन्हा पडद्याकडे. मग "हं" म्हणाल्या आणि खाली बसल्या.

रूथ पडद्याकडे बघत होती. मी चित्र मधल्या माणसावर थांबवलं होतं. "किती लहान आहे हा," ती हळूच म्हणाली. "सव्विसाचा. माझा नातूसुद्धा याच्याहून मोठा आहे." आणि थोड्या वेळाने, बाईंच्या हातावर हात ठेवून, "किती बारीक आहे गं. याला कुणी नीट जेवायला घालत होतं की नाही?"

बाईंनी चिवड्याची वाटी तिच्याकडे सरकवली आणि दोघी कितीतरी वेळ पडद्याकडे बघत चिवडा खात बसल्या. तो दिवस आठवला की अजून मला भरून येतं, आणि त्याच वेळी हसूही येतं, कारण टॉमने परत जाताना पार्किंगमध्ये आपली चाल सुधारायचा प्रयत्न केला आणि जवळजवळ पडला.

दुसऱ्या दिवशी सूचीत बाईंच्या हातची नोंद होती: 'डावीकडून दुसरा. मुलीने चालण्यावरून ओळखला. नातवाची चाल मी स्वतः पाहिली. जुळते.' मी ती वाचली आणि बाईंच्या काळजाबद्दल नवऱ्याला जे सांगितलं होतं, ते त्या संध्याकाळी परत घेतलं.

त्यानंतर बाई दर गुरुवारी बसने रूथकडे जायला लागल्या. दोघी रमी खेळायच्या. रूथ पत्ते चोरते, अशी बाईंची ठाम तक्रार होती. बाई हरल्या की फिल्म बघायची, रूथ हरली की चहा तिने करायचा, असा काहीतरी करार होता. रूथला 'अगं' हा शब्द फार आवडला होता, आणि तो ती नर्सपासून डॉक्टरांपर्यंत सगळ्यांना लावायची. सत्त्याण्णव पूर्ण करून ती गेली, दुपारच्या झोपेत. टॉमने तिच्या शोकसभेत ती दोन मिनिटं दाखवली. कुणीही धावलं नाही, सगळे नीट चालले.

पुढच्या वर्षी बाईंनी निवृत्ती घेतली. निरोपाला केक होता, भाषणं होती. बाईंचं भाषण एका वाक्याचं: "कोठीचं तापमान रोज बघा." मुलीच्या आग्रहाने त्या रेडमंडला गेल्या. मला काळजी वाटत होती. चाळीस वर्षं एकाच टेबलाशी बसलेलं माणूस, तिथे मुलगी-जावई दिवसभर कामावर, वर तो सहा-सहा महिन्यांचा पाऊस. फोनवर विचारलं तर म्हणायच्या, "मी बिझी आहे गं, नंतर बोलू."

गेल्या नोव्हेंबरात नवऱ्याच्या कामानिमित्त सिअ‍ॅटलला गेले, तेव्हा त्यांना भेटायला शेजारच्या रेडमंडला जायचं ठरवलं. फोनवर म्हणाल्या, "ये की. पण अकरा वाजता मी पाण्यात असते. तिथेच ये."

पाण्यात म्हणजे काय, ते मला तिथे पोचेपर्यंत समजलं नाही. गावाचा सार्वजनिक पोहण्याचा तलाव, वर काचेचं छप्पर, त्यावर पावसाची सतत टपटप. मी ओल्या बाकावर बसले आणि शोधू लागले. उथळ भागात सहा म्हाताऱ्या, त्यांतली सगळ्यांत बुटकी, पिवळ्या टोपीची, कोपरापर्यंत बाह्यांचा काळा पोहण्याचा पोशाख घातलेली. तिने काठ दोन्ही हातांनी घट्ट धरला होता. शेजारी विशी-बाविशीची शिक्षिका उभी होती.

"रेडी, शॅकू?"

बाईंनी मला पाहिलं. ओळखीचं हसू आलं आणि लगेच गेलं. हात करायला हात मोकळा नव्हता. त्यांनी मोठा श्वास घेतला, काठ सोडला आणि निघाल्या. नाक वर, तोंड मिटलेलं, हात पुढे, बाजूला, पुढे, बाजूला. मध्यावर एकदा पाणी तोंडात गेलं. शिक्षिका पुढे झाली, तर बाईंनी मानेनेच तिला दूर व्हायला सांगितलं. समोरची भिंत हाताला लागली तेव्हा बाकीच्या पाच जणींनी टाळ्या वाजवल्या.

बाईंनी टोपी सारखी केली, चेहऱ्यावरचं पाणी निपटलं आणि धापा टाकत, आल्या त्या काठाकडे बोट दाखवून शिक्षिकेला काहीतरी विचारलं. ती नाही म्हणाली. बाईंनी दोन बोटं वर करून, 'दोनच मिनिटं' म्हणत पुन्हा विचारलं. ती हसली, तिने भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं आणि मान डोलावली. तेव्हा बाई वळल्या, आणि माझ्याकडे न बघता परत यायला निघाल्या.